नातवाच्या बुटाची लेस, आणि त्याआधी तुमची

प्रश्न थोडक्यात असा. नातू पावणेआठ वर्षांचा, डावखुरा. जूनमध्ये तिसरीत जाणार आणि त्याच्या शाळेत तिसरीपासून वेल्क्रोचे बूट चालत नाहीत, लेसचेच लागतात. बडोद्यातल्या रावपुऱ्यात राहणारे आजोबा गेला महिनाभर रोज सकाळी शाळेच्या आधी त्याला शेजारी बसवून शिकवताहेत. पहिली गाठ तो मारतो, फूल करायची वेळ आली की अडतो, चिडतो, शेवटी रडतो. मुलाचे वडील म्हणतात, मोठा झाला की आपोआप येईल. आजी म्हणतात, याच्या बोटांत जोरच नाही, कुणाला तरी दाखवा. आणि शेवटी आजोबांनी जाता जाता लिहिलंय: ‘मी स्वतः बांधून दिली तरी मधल्या सुट्टीपर्यंत सुटलेली असते. हल्लीच्या लेसच भिकार.’

काका, मी तुमच्याच गावात बावीस वर्षं लहान मुलांची ऑक्युपेशनल थेरपिस्ट म्हणून काम करते. बटणं, चेन, डबा उघडणं, पेन्सिल धरणं, लेस बांधणं हेच माझं रोजचं. तुमचं ते शेवटचं वाक्य आधी घेते, कारण खरी गोम तिथेच आहे.

उद्या नातवाची लेस नेहमीसारखी बांधा आणि हात काढून वरून नुसतं पाहा. फुलाचे दोन कान बुटाच्या डाव्या-उजव्या बाजूला आडवे पडलेत, की एक कान घोट्याकडे आणि एक नाकाकडे असे उभे झालेत? कळत नसेल तर फुलाला हात न लावता त्याच्या खालची लेस दोन्ही बाजूंनी धरून जरा ताणा. गाठ चुकीची असेल तर फूल गर्रकन फिरून उभं राहतं. तुमचं उभं राहणार, यावर मी पैज लावायला तयार आहे. दहा-वीस पैजा जिंकलेय मी यावर, त्यातल्या दोन डॉक्टरांशी.

यात लेसचा दोष थोडा, गाठीचा जास्त. लेस बांधणं म्हणजे एकावर एक दोन गाठी. पहिली साधी, दुसरी कान काढून. दुसरी गाठ पहिलीच्या उलट दिशेने पडली तर दोन्ही एकमेकींना आवळून धरतात. स्काउटमध्ये हिलाच रीफ नॉट म्हणून शिकवतात. दोन्ही एकाच दिशेने पडल्या तर गाठ तिरकी बसते आणि हळूहळू सरकत राहते. इंग्रजीत या दुसरीला ग्रॅनी नॉट म्हणतात. आजीचं नाव उगाच बदनाम. आपल्याकडच्या आज्या परकराच्या नाडीला अशी गाठ मारत्या तर भर लग्नात फजिती झाली असती.

ही गाठ चालताना सुटते तरी कशी, यावर २०१७ साली बर्कलेच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या मेकॅनिकल इंजिनिअर मंडळींनी चक्क संशोधन केलं. ट्रेडमिलवर पळणाऱ्या बुटाचं हाय-स्पीड कॅमेऱ्याने चित्रण केलं. पाऊल जमिनीवर आपटतं तेव्हा गाठीला गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे ७ पट झटका बसतो, गाठ ताणली जाते आणि सैल पडते. मग पाय पुढे झेपावतो तेव्हा लेसची मोकळी टोकं चाबकासारखी उडतात आणि प्रत्येक पावलाला जराशी ओढ देतात. गंमत म्हणजे टेबलावर बसून नुसते पाय हलवले तर गाठ सुटत नाही, एका जागी नुसते पाय आपटले तरी सुटत नाही. दोन्ही एकदम लागतं. आणि बराच वेळ काहीच होत नाही, पण एकदा टोक सरकायला लागलं की दोन-चार पावलांत सगळं फूल मोकळं. म्हणून तर मूल म्हणतं, ‘आत्ता होती, आत्ता सुटली’, आणि आपल्याला वाटतं खोटं बोलतंय. पक्की गाठही कधीतरी सुटतेच. पण उभी गाठ तिच्या फार आधी हार मानते, हेही त्यांनी दाखवलं.

उपाय सोपा, सवय मात्र अवघड. फूल करायची तुमची पद्धत बदलू नका. फक्त पहिली साधी गाठ उलटी मारा. डावी लेस उजवीवरून नेत असाल तर उजवी डावीवरून न्या. पुढे हात जे करतात ते करू द्या. फूल आपोआप आडवं बसेल.

काही घरांत यावर दुसरा उपाय असतो: फुलावर परत एक गाठ, म्हणजे सुटायलाच नको. कृपा करून मुलाच्या बुटाला तेवढं करू नका. मराठीत सुरगाठ आणि निरगाठ असे दोन वेगळे शब्द उगाच नाहीत. लेसच्या फुलाचा मुद्दाच हा की एक टोक ओढलं की सुटावं. वर गाठ मारलीत की सुरगाठीची निरगाठ झाली. संध्याकाळी ती मूल दातांनी सोडवतं किंवा बूट तसाच ओरबाडून काढतं, आणि दुसऱ्या दिवशी टाच चेपून तसाच घालतं. जास्त पक्कं हवंच असेल तर दुसऱ्या गाठीत कान एकदा ऐवजी दोनदा आतून काढा. घट्ट बसतं आणि टोक ओढलं की सुटतंही.

लेसबद्दलची तुमची तक्रार अगदीच खोटी नाही. गोल, गुळगुळीत, चमकणारी नायलॉनची लेस सरकतेच. शिकण्यापुरती तरी चपटी सुती लेस घ्या, पीटीच्या पांढऱ्या कॅनव्हासच्या बुटाला असते तशी. मंगळ बाजारात मिळते. ओवून झाल्यावर दोन्ही बाजूंना निदान एक मोठी वीत लेस उरली पाहिजे. दुकानातल्या बुटाला बहुतेकदा तुटपुंजी असते, त्यात मोठ्यांच्या बोटांनाही कान करता येत नाही. आणि टोकाची प्लॅस्टिकची नळी फुटली असेल तर सेलोटेपची एक पट्टी घट्ट गुंडाळा, भागतं.

आता नातवाकडे येऊ. त्याच्यात काही कमी आहे का, हा आजींचा प्रश्न. तुम्ही लिहिलंय त्यावरून मला तसं वाटत नाही. साधारण पाच ते सात या वयात बरीच मुलं लेस शिकतात, पण तेही घरात लेस असेल तर. हल्ली तिसरी-चौथीपर्यंत वेल्क्रो, घरी क्रॉक्स, बाहेर सँडल. कधी हातात न पडलेली गोष्ट येणार कुठून? शिवाय आपल्याकडे एक वेगळीच भानगड आहे. आपण दिवसातून दहा वेळा पादत्राणं काढतो. दारात काढा, देवळात काढा, शेजाऱ्यांकडे काढा. त्यामुळे लेसचे बूट वापरणारा मोठा माणूसही लेस एकदाच बांधतो आणि मग महिनोन् महिने पाय तसाच आत कोंबतो. मुलाला घरात लेस बांधताना कुणी दिसतच नाही! तुम्ही स्वतः शेवटची कधी पूर्ण सोडून बांधलीत, आठवून पाहा.

एकेकाळी बंद बांधणं घरभर होतं. तान्ह्याच्या झबल्याला बंद, परकराला नाडी, लेंग्याला नाडी, मुलींच्या वेण्यांना रिबिनीची फुलं. गायकवाडी दरबारातल्या अंगरख्यांचं सोडा, साधी बाराबंदी घालायची तरी बंदांशी झटावं लागायचं, नावातच हिशोब आहे. आता सगळीकडे इलॅस्टिक. आमच्या क्लिनिकमध्ये मुलींना मुलांपेक्षा जरा लवकर गाठ येते असं मला दिसतं, आणि त्याचं श्रेय मी नवरात्रीला देते: चणियाचोळीच्या पाठीवरच्या दोऱ्या एकमेकींच्या बांधायच्या असतात. गरबा अनवाणीच, पण गाठीचा सराव होतो.

इथे गुजरातीत लेसला वाधरी म्हणणारी जुनी माणसं अजून भेटतात. मराठीतली चामड्याची वादी तीच. आर्मेनियातल्या अरेनी गुहेत २००८ साली साडेपाच हजार वर्षांपूर्वीचा एक बूट सापडला. गाईच्या एकाच कातड्याचा, पुढून चामड्याच्या वादीने आवळलेला. म्हणजे बूट आहे तेव्हापासून लेस आहे, आणि बहुधा तेव्हापासूनच कुणीतरी म्हातारा नातवाला ओरडतोय.

असो. आजी म्हणतात बोटांत जोर नाही. लेसला जोर फार लागत नाही हो. लागतं ते हे, की दोन हातांनी एकाच वेळी दोन वेगळी कामं करावीत आणि मग मध्येच आपसांत अदलाबदल करावी. तुमचा नातू नेमका कुठे अडतो ते तुम्ही लिहिलं नाहीये, पण नेहमीच्या पद्धतीने शिकवत असाल तर मी इथे बसून सांगू शकते. एक कान करून तो एका हाताच्या चिमटीत धरला. दुसरी लेस त्याच्याभोवती फिरवली. इथपर्यंत ठीक. आता फिरवलेल्या लेसचा मधला भाग अंगठ्याखालच्या भोकातून आत ढकलायचा. हे भोक दिसत नाही, कारण ते अंगठ्याने झाकलेलं आहे. ते दिसावं म्हणून अंगठा उचलला तर कान सुटतो. नाही उचलला तर लेस जायला जागा नाही. म्हणजे अंगठा केसभर ढिला करायचा, त्याच क्षणी दुसऱ्या हाताच्या बोटाने लेस ढकलायची, आणि ज्या हाताने इतका वेळ कान धरला होता त्यानेच पलीकडून बाहेर आलेली लेस पकडायची, तर कान धरायचं काम आता दुसऱ्या हाताकडे. अर्ध्या सेकंदाचा खेळ. आपल्याला तो दिसतही नाही, कारण आपली बोटं तो आपल्याला न विचारता करतात. त्याला वाटतं आजोबांनी जादू केली. तुम्ही म्हणता, ‘बघ, किती सोपं आहे.’ तिथे रडू फुटतं.

म्हणून ही पद्धत त्याला सध्या शिकवूच नका. दोन कानांची शिकवा. पहिली गाठ त्याला येते ना? मग नवीन काहीच नाही. दोन्ही लेसचे दोन कान करायचे, चार बोटं लांबीचे, आणि त्या दोन कानांनी तीच पहिली गाठ परत मारायची. शेवटी पडणारी गाठ तुमच्या पद्धतीने पडते तीच. बरेच बाप म्हणतात ही बायकी किंवा बाळबोध पद्धत आहे. आहे बाळबोध. बाळालाच शिकवायचंय.

बसण्याची जागा बदला. तुम्ही उजवे, तो डावखुरा, आणि तुम्ही शेजारी बसता. म्हणजे त्याला तुमची प्रत्येक हालचाल डोक्यात उलटी करून मग हाताला सांगावी लागते. डावखुऱ्या मुलाला उजव्या माणसाने समोर बसून शिकवावं, म्हणजे तो आरशात बघितल्यासारखं जसंच्या तसं करू शकतो. दोघंही एकाच हाताचे असतील तरच शेजारी. समोर बसताना प्रत्येकापुढे स्वतःचा बूट हवा, नाक स्वतःपासून लांब, म्हणजे दोन बुटांची नाकं एकमेकांकडे. बूट एकच घेऊन मध्ये ठेवू नका, दोघांपैकी एकाला तो उलटाच दिसणार. आणि हो, आरशात पक्की गाठ पक्कीच राहते आणि कच्ची कच्चीच. तुमची उभी गाठ तो जशीच्या तशी उचलेल. त्यासाठीच सुरुवात तुमच्या गाठीपासून केली.

लेस दोन रंगांची करा. लाल आणि पांढरी, अशा दोन लेस घेऊन अर्ध्या-अर्ध्या कापा आणि नाकाकडच्या बाजूला एकमेकींना गाठून घ्या. एक बाजू लाल, एक पांढरी. मुलाला मग ‘ही लेस’, ‘ती लेस’, ‘अरे दुसरी’ असं करावं लागत नाही. आणि पक्क्या गाठीचा नियम एका वाक्यात मावतो: लाल दोन्ही वेळा वर. पहिल्या गाठीत लाल पांढरीवरून गेली आणि खालून निघाली. ती आता पलीकडे पोचली. आता लाल कानच पांढऱ्या कानावरून न्यायचा आणि खालून काढायचा. बस. रंग तोच ठेवला की दिशा आपोआप उलटते. डावी-उजवी, वरची-खालची यातलं काही लक्षात ठेवावं लागत नाही. डावखुऱ्यासाठी सुरुवातीला लाल बाजू डाव्या हाताला ठेवा. मोठ्यांनाही मी हेच शिकवते, फक्त त्यांना रंगीत लेस घालायची लाज वाटते.

शब्द एकच ठेवा. तुम्ही फास म्हणता, बाबा लूप म्हणतात, आई कान म्हणते आणि शाळेतल्या बाई इंग्रजीत आणखी काही. बोटं गोंधळलेली असताना कानांनी तरी एकच ऐकावं. आमच्याकडे पहिल्या गाठीला फुली (एक लेस दुसरीवरून), बोगदा (खालून काढणं), ओढ. मग दुसरीला कान, कान, फुली, बोगदा, ओढ. तुम्हाला दुसरे सुचले तर ते घ्या, पण घरातल्या सगळ्यांनी तेच वापरायचे.

आणि आता मुख्य गोष्ट: शेवटापासून शिकवा. आपण सगळे पहिल्या पायरीपासून सुरू करतो. मूल दोन पायऱ्या करतं, तिसरीला अडतं, उरलेलं आपण करून देतो. म्हणजे रोज त्याचा भाग अपयशावर संपतो आणि काम आजोबा पुरं करतात. उलट करा. पहिले दोन-तीन दिवस सगळं तुम्ही बांधा, कान बोगद्यातून काढून सैल ठेवा आणि त्याला म्हणा, ‘ओढ.’ त्याने ओढलं, फूल घट्ट झालं. झालं आजचं. ते हातात बसलं की मग बोगदा आणि ओढ त्याचं. मग फुली, बोगदा, ओढ. असं मागे मागे येत कान करण्यापर्यंत या. पहिली गाठ त्याला येतेच, त्यामुळे तुमचं काम मध्येच संपेल. रोज गाठ पुरी करणारा हात त्याचाच असतो. एवढ्या एका बदलाने रडणं थांबलेलं मी इतक्या वेळा पाहिलंय की पालकांना मी हे सांगते तेव्हा माझा आवाज जरा चढतो.

कुठे बसून? इथे माझी एक फजिती सांगते. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी पुठ्ठ्याचा मोठा बूट कापला, भोकं पाडली, जाड लेस ओवली आणि भिंतीला टांगला. एक मुलगा तीन आठवड्यांत त्यावर सुरेख फूल करायला लागला. मी आईला बोलावलं, तिने कौतुकाने फोटो काढला. मग त्याच्या पायात बूट घातला. तो वाकला, आणि काही म्हणजे काही जमेना. मला वाटलं लाजला. घरी जाऊन मी स्वतः पायातल्या बुटाकडे पाहिलं तेव्हा उजेड पडला. भिंतीवरचा बूट डोळ्यांसमोर असतो. पायातला हातभर खाली असतो, मध्ये गुडघा येतो, पोट दाबलं जातं, तोल सांभाळावा लागतो, आणि लेस ओढली की पायही हलतो. मी त्याला भिंतीची लेस शिकवली होती.

तेव्हापासून पुठ्ठा बाद. खरा बूट, आधी मांडीवर, नाक पुढे. मग जमिनीवर दोन पावलांच्या मध्ये. मग पायात, पण ओटल्यावर किंवा जिन्यावर बसून, पाय खालच्या पायरीवर, म्हणजे बूट फार लांब जात नाही. वाकून, उभ्याने, घाईत, हे सगळ्यात शेवटी. मांडीवर जमलं म्हणजे आलं असं समजून लगेच पायावर परीक्षा घेऊ नका. ती वेगळी गोष्ट आहे.

मांडीचा धडा मला एका नऊ वर्षांच्या मुलाने दिला. त्याची आई म्हणायची, याला एकसुद्धा गाठ येत नाही. जानेवारीत तो आला तेव्हा त्याच्या बोटांवर दोऱ्याचे बारीक काप होते. उत्तरायण नुकतंच झालेलं. मी सहज विचारलं, पतंगाचे किन्ने कोण बांधून देतं? म्हणाला, ‘मीच. मामाचे पण मीच बांधले.’ पतंगाच्या कामटीच्या दोन्ही बाजूंना भोकं पाडून, बारीक दोरा ओवून, वरची-खालची दोरी चिमटीने मोजून, पतंग लोंबकळवून तोल बघून गाठ मारणारा हा मुलगा, आणि याला गाठ येत नाही! मी त्याच्याकडून एक किन्ना बांधून घेतला आणि गप्प बघत बसले. पतंग मांडीवर होता. डोळे वीतभर अंतरावर. एक टोक दातात. तोंडाने काहीतरी पुटपुटत होता, मामाचेच शब्द असावेत. कुणी घड्याळ दाखवत नव्हतं. लेसच्या वेळी यातलं काहीच त्याच्या वाट्याला येत नव्हतं. आम्ही बूट मांडीवर घेतला आणि तो मुलगा आठवड्याभरात बांधायला लागला. (दातात टोक धरायची सवय मोडायला मात्र वेळ लागला. बुटाची लेस ती, पतंगाचा दोरा नव्हे.)

वेळेचं तेच. सकाळी शाळेच्या वर्धीची रिक्षा खाली हॉर्न वाजवतेय, डबा राहिलाय, आई केस विंचरतेय, आणि तुम्ही नवीन कौशल्य शिकवताय. तुम्हालाही त्या वेळात काही शिकता येणार नाही. सकाळी बिनदिक्कत तुम्ही बांधा, फक्त शेवटची ओढ त्याची. शिकवणी संध्याकाळी, पाच मिनिटं. दोनदा नीट झालं की उठायचं, तिसऱ्यांदा ‘दाखव बरं आजीला’ नको. मदत करायचीच असेल तर तुमचा हात त्याच्या हाताखाली असू द्या, वरून दाबू नका. वरून दाबलं की मूल बोटं सैल सोडून देतं आणि तुम्हीच बांधत राहता.

हे सगळं करायला साधारण चार आठवडे धरा. मार्चअखेरीस सुरू केलंत तर सुट्टीत तो तुमचीही बांधेल.

दाखवायला कधी न्यायचं, तेही सांगते, म्हणजे आजींना चैन पडेल. नुसती लेस येत नसेल तर नाही. पण त्याच्याबरोबर शर्टाची बटणंही लागत नाहीत, कात्रीने रेघेवर कापता येत नाही, लिहिताना दुसरा हात वहीवर ठेवायचं सुचत नाही, चेंडू झेलता येत नाही, सायकल येत नाही, सपाट जमिनीवर सारखा ठेचकाळतो, असं तीन-चार गोष्टींत दिसलं तर एकदा नीट तपासून घ्या. काही मुलांना हालचालींचा मेळ घालण्याचीच अडचण असते. तिला डेव्हलपमेंटल कोऑर्डिनेशन डिसऑर्डर म्हणतात आणि शाळकरी वयातल्या शंभरात पाच-सहा मुलांना ती असते. ही मुलं आळशी नसतात, ढ नसतात, त्यांना वेगळ्या रीतीने आणि जास्त वेळा शिकवावं लागतं एवढंच. डोळ्यांची तपासणी राहिली असेल तर तीही उरकून घ्या, चष्म्याच्या नंबरामुळे अडलेली मुलंही माझ्याकडे येतात. आणि एखाद्या मुलाला खरंच जमणार नसेल तर इलॅस्टिकची लेस मिळते, बाहेरून लेसच्या बुटासारखीच दिसते. शाळेशी बोलून ती लावून घ्यावी. त्यात कमीपणा नाही. तुमच्या नातवाला ती लागेल असं मला वाटत नाही.

बोटांना वळण लावायला मुद्दाम खेळणी आणू नका. आजी वाती वळत असतील तर त्याला शेजारी बसवा. उंधियूची पापडी निवडायला द्या, मटार सोलायला द्या, गजरा ओवायला द्या. पिशवीचं तोंड बांधायला, पार्सलची सुतळी सोडवायला द्या. सोडवणं तर जरूर द्या. गाठ कशी बनली आहे हे बांधण्यापेक्षा सोडवताना जास्त कळतं, आणि आपण मुलांच्या हातातून गाठ सोडवायचं काम नेहमी काढून घेतो, कारण आपल्याला धीर नसतो.

तुमच्याबद्दल एक राहिलं. पहिली गाठ उलटी मारायला लागलात की पहिले काही दिवस हात अडखळेल, फूल वाकडं होईल, वैताग येईल. ते नातवाच्या समोर होऊ द्या. मला स्वतःला ही सवय बदलायला दोन आठवडे लागले होते. अजूनही उशीर झालेला असला की जुनीच गाठ पडते. क्लिनिकच्या जिन्यात पाय उचलला की दिसतं, फूल उभं आहे. मग तिथेच पायरीवर बसून परत बांधते.